आई सांगते तो बंगाली सिनेमा

चौबे कॉलोनीतल्या आमच्या घरी शनिवारी दुपारी बंगाली सिनेमा लागतो. घरात बंगाली कुणालाच येत नाही. हा सगळा घाट शेजारच्या बंगाली मासीसाठी. तिला आता दिसत नाही, नुसता उजेड तेवढा कळतो.

पूर्वी कोलकात्याहून कुणी आलं की मासीसाठी सीडी आणायचं. स्वस्तातले सिनेमे. एकच बंगला, एकच जिना, छळणारी सासू. आणि रडणारी सून आपण का रडतोय हेही ओरडून सांगायची. मासी हिंदीत समजावायची, आई पदराने डोळे पुसायची आणि मी मागे बसून नकला करायचो. मोठा शहाणा होतो ना! त्या सिनेमांची आज फार आठवण येते. डोळे मिटूनसुद्धा सगळं कळायचं.

आताचे कमी पैशांतले सिनेमे फोनवर येतात. सासू गेली, जिना गेला. माणसं खिडकीशी उभी राहतात, चहा गार होतो, कुणी चकार शब्द काढत नाही. मासी कानात प्राण आणून बसते. जुने सगळे तिला पाठ आहेत, म्हणून हट्ट नव्याचाच. मग आई बघते आणि तिला सांगते. बाहेर उन्हाने गल्ली पेंगत असते, पंखा फिरत असतो, आणि आईच्या बोलण्यात मलाही गुंगी येते.

मासीचा मुलगा परदेशात आहे. तीन दुर्गापूजा झाल्या, तो आलेला नाही.

गेल्या शनिवारच्या सिनेमात एक म्हातारी मुलाची वाट बघत होती. शेवटी तिने दार लावलं, दिवा मालवला. संपला सिनेमा.

"क्या हुआ?" मासीने विचारलं.

"आला ना पोट्टा," आई म्हणाली. "बॅग घेऊन दारात उभा आहे."

मला रागच आला. आंधळ्या माणसाशी खोटं बोलावं?

"पर दरवाज़े की कुंडी तो बंद हुई. मैंने सुना."

आई गडबडली. "अंदर आला, मग लावली ना, दीदी."

मासी आईच्या आवाजाकडे वळली. तिला कळलं होतं. माझा राग कुठल्या कुठे गेला.

"दुबला हुआ है क्या?" तिने हळूच विचारलं.

आईने तिचा हात हातात घेतला. "हव दीदी, जरासा वाळला. पण तुले पाहून हासून राहिला."