तहकूब झालेली सोयरीक

अख्ख्या बीड जिल्ह्यात बायकोला तारीख देणारा नवरा एकच, आणि ते म्हणजे माझे थोरले साडू. ते धारूरला मॅजिस्ट्रेट होते. 'अहो, मिक्सर बिघडलाय,' असं माझ्या मेहुणीनं, म्हणजे अक्कांनी सांगितलं, की साहेब म्हणणार, 'पुढच्या सोमवारी बघू.' घरातल्या भांडणातही दोन्ही बाजू ऐकल्याशिवाय ते निकाल देत नसत. त्यातली एक बाजू त्यांची स्वतःची असली, तर ती जरा जास्तच सविस्तर ऐकून घेत.

पण त्यांचा खरा छंद म्हणजे हद्दीतल्या माणसांपासून लांब राहणं. न्यायाधीशानं चार हात लांब राहावं हा रिवाजच आहे, पण साहेब चारावर थांबले नाहीत. आज चहा पाजणारा उद्या आरोपी म्हणून समोर आला तर? म्हणून गावात कुणाकडे चहा नाही, केस कापायला केजला, भाजीला थेट नेकनूरच्या बाजाराला. एकदा धारूरच्या फळवाल्या चाचांनी कौतुकानं त्यांच्या हातावर एक सीताफळ ठेवलं. यांनी ते परत टोपलीत ठेवून रुमालानं हात पुसले. चाचा हिरमुसून म्हणाले, 'साब, फलच है, रिश्वत नै!' साहेब म्हणाले, 'ते पुराव्यानं ठरतं.'

दर तीन वर्षांनी बदली आणि प्रत्येक गावात हेच सोवळं. त्यांची एकुलती एक मुलगी, माझी भाची, अशी एकटीच वाढली. तिला माणसांनी भरलेलं घर हवं होतं, आणि धारूरजवळच्या एका गावातून अगदी तसं स्थळ चालून आलं. मुलगा शिक्षक, घरात चुलते, चुलत्या, आत्या, पोरंसोरं, नुसता गलका. 'काका, हेच ठरवा,' भाची मला हळूच म्हणाली.

बैठक बसली. देण्याघेण्याचं, मानपानाचं काही न काढता साहेबांनी एकच विचारलं, 'आपल्यापैकी कुणावर खटला चालू आहे का?'

मुलाच्या थोरल्या चुलत्यांनी छाती पुढं काढली. 'हाय की! तुमच्याच कोर्टाचं समन्स परवा आलंया. आमच्या बांधावरच्या लिंबाची फांदी तोडली, म्हून शेजाऱ्याच्या कानाखाली वाजवलीती. आता काय, घरचंच झालं म्हना!'

साहेब ताडकन उठले. 'बैठक तहकूब,' म्हणाले आणि आत निघून गेले.

पाहुण्यांच्या हातातले पोहे हातातच राहिले. 'तहकूब म्हंजी? पोरगी द्यायची न्हाई का?' चुलते मला विचारत होते. आत भाची रडत होती, अक्का नवऱ्याला नाही नाही ते बोलत होत्या, आणि साहेब हा खटला दुसऱ्या कोर्टाकडे द्यावा म्हणून वरिष्ठांना लिहायला बसले होते. खटला दुसरीकडे जाईपर्यंत ते पाहुण्यांचा फोनसुद्धा उचलेनात. तिकडे मुलाला दुसरी स्थळं येऊ लागली. शेवटी मीच मोटारसायकल काढून त्या गावी गेलो आणि चुलत्यांपुढं हात जोडले.

त्यांनी मला हाताला धरून बाजेवर बसवलं. मग म्हणाले, 'लई तऱ्हेवाईक मानूस हाय तुमचा साडू. पर पोटच्या पोरीसाठी बी वाकंना, म्हंजी पोरीला वळण चांगलंच आसंल. थांबतो आमी.'

आणि ते थांबले. दुसऱ्या कोर्टानं त्यांना दंड ठोठावला. लग्नाच्या दिवशी साहेबांना मिठी मारत ते म्हणाले, 'तुमच्यापुढं ऱ्हायलो आसतो तर सुटलो आसतो की हो!'

'छे,' साहेब म्हणाले, 'दंड तर मी केलाच असता, वर कोर्ट उठेपर्यंत बसवून ठेवलं असतं.'

आमच्या बाजूनं मांडवात माणसं जवळजवळ नव्हतीच. गावातल्या कुणाला बोलवायचंच नाही म्हटल्यावर येणार कोण? पण नवऱ्याकडच्या पोरींनी भाचीला गराडा घातला होता. एक बांगड्या सारखी करत होती, एक पदर, आणि भाची इतकी खळखळून हसत होती, की खुर्चीत बसलेले साहेब मान वळवून बघतच राहिले.

'हिला असं हसताना मी कधी ऐकलं नव्हतं,' ते म्हणाले. एरवी त्यांची टर उडवणारा मी, पण त्या क्षणी मला त्यांच्याबद्दल फार माया वाटली. तेवढ्यात गुरुजींनी कन्यादानासाठी हाक मारली, आणि उठायला साहेबांना माझा हात धरावा लागला.