इस्त्री हरवलेला माणूस

राहुरीत इंडोनेशियाची भाषा जाणणारा मी एकमेव माणूस होतो. ही समजूत साडेतीन आठवडे टिकली.

पाय मोडल्यामुळे सासूबाई जामखेडहून आमच्याकडे येऊन राहिल्या होत्या. त्यांना मोबाईलवर इंडोनेशियाची एक मालिका सापडली. रोज दुपारी चारला दोन मिनिटांचा भाग, त्यात पावणेदोन मिनिटं रडारड! गल्लीतल्या बायकाही जमू लागल्या. कळत कुणालाच नव्हतं.

"जावईबापू, ह्यो मानूस काय म्हनतोय वो?"

मी संस्कृतचा निवृत्त मास्तर. ‘मला येत नाही’ हे वाक्य आयुष्यात उच्चारलेलं नव्हतं. कान दिला, तर ‘इस्त्री’, ‘चिंता’... सगळे आपलेच शब्द!

"त्याची इस्त्री हरवलीय. त्याची चिंता लागलीय त्याला."

"अगं बया! इस्त्रीपायी येवढं रडतोय?"

"लाँड्री आहे त्याची!" मी ठोकून दिलं.

तेव्हापासून माझा जीव थाऱ्यावर राहिना. साडेतीन वाजले की अंगणात येरझारा सुरू. रोज नवी थाप मारायची, वर कालची लक्षात ठेवायची! (त्यापेक्षा धातूंची रूपं परवडली.) शेजारच्या मंदाताईंनी तर डोळे पुसत घरची इस्त्री कपाटात घालून कुलूप लावलं.

अशात कृषी विद्यापीठाच्या वसतिगृहात राहून शिकणाऱ्या आमच्या केतकीचा फोन आला, "बाबा, रविवारी मैत्रिणीला आणतेय. रत्ना. इंडोनेशियाची आहे!"

रविवारी अख्खी गल्ली हजर. "मास्तर, बोला की तिच्याशी!"

आता माघार कशी घेणार? टेबलावर आमची इस्त्री होती. तिच्याकडे बोट दाखवून मी मालिकेतलं वाक्य फेकलं, "इस्त्री साया!"

रत्नानं इस्त्रीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि इस्त्रीला वाकून नमस्कार केला.

बायकांनी टाळ्या वाजवल्या! मला चेव आला. पोर घरापासून इतकी लांब, काळजीचे दोन शब्द बोलावेत म्हणून छातीवर हात ठेवून म्हणालो, "साया चिंता कामू!"

रत्ना केतकीच्या मागे जाऊन उभी राहिली. दोघींची कुजबुज झाली. केतकीनं कपाळावर हात मारला.

"बाबा! इस्त्री म्हणजे बायको! आणि चिंता म्हणजे प्रेम!"

मग चहाचा ट्रे घेऊन उभी असलेली आमची ही म्हणाली, "तेहतीस वर्षांत मला एकदा म्हणाले नाहीत. आज म्हणाले, ते लेकीच्या मैत्रिणीला!"

"म्हंजी त्या लाँड्रीवाल्याची बायकू गेली व्हय?" सासूबाई कडाडल्या. "आन् आमी म्हैनाभर इस्त्री हुडकीत बसलो!"

रत्ना मात्र पोट धरधरून हसत होती. आता दर रविवारी तीच येऊन आठवड्याभराची गोष्ट मोडक्या हिंदीत सांगते. माझ्याकडे चहा आहे. चहाला भाषा लागत नाही, असं सासूबाईंचं मत. पहिल्याच रविवारी मी मोठ्या आत्मविश्वासानं डबा उघडला आणि अकरा कपांत मीठ घातलं.

डब्यावर ‘मीठ’ असं लिहिलेलं होतं. मराठीत!