कैची

बहात्तरचा दुष्काळ नुकताच सरला होता. आष्ट्यात माझं सायकलदुरुस्तीचं दुकान होतं. आमच्यात सायकल शिकायच्या तीन इयत्ता. दांडीखालून पाय घालून चालवायची ती कैची, मग दांडीवर, मग सीटवर. थोराड माणूस कैचीत दिसला की आम्ही खुशाल हसायचो.

आमच्या सुईणमावशी पन्नाशीतही कैचीतच होत्या. काष्टा घट्ट खोचलेला, पिशवी हॅण्डलला, सायकल एका अंगाला कललेली.

"आवं मावशी, आता तरी सीटवर बसा की," मी म्हणायचो.

"माझं पाय टेकत न्हाईत रं तितनं. कुनी हाळी मारली तर झटक्यात उतराया नगं?"

एकदा दुपारी त्या माझ्याकडं हवा भरत असताना मळ्यातला एकजण फटफटी घेऊन आला. बायकोला नुकत्या कळा सुरू झाल्या होत्या.

"मावशी, मागं बसा."

"पहिलटकरीन हाय, येळ हाय अजून. मी माझ्या गाडीवर येते. न्यायला समदी येत्यात रं, पोर झालं की सोडाया कोन येत न्हाई."

"आवं, मी सोडतो की!"

"तुझ्या येळंला तुझा बा बी आसंच म्हनला हुता. चालत आले मी."

त्यांनी दांडीखालून पाय घातला आणि निघाल्या. तो फटफटी अगदी हळू, घुर्रघुर्र करत त्यांच्या मागून चालवत निघाला. पुढं जाऊन तो करणार तरी काय होता?