निजदरीच्या तोंडाशी

दत्तात्रेय मोहित्यांनी एकतीस वर्षं काय काम केलं, असं कुणी विचारलं की घरातले गालातल्या गालात हसायचे. उत्तर एकच होतं, उभे राहिले. बडोद्याजवळच्या एका कारखान्यात टाक्या साफ करायला माणसं आत उतरायची, आणि हे टाकीच्या तोंडाशी हातात दोर धरून उभे. आधी आतली हवा तपासायची, वर, मधे आणि तळाशी. तिन्ही ठिकाणी ठीक निघाली तरच माणूस आत सोडायचा. आणि आतला कोसळलाच, तर बाहेरच्याने मागोमाग आत शिरायचं नाही, दोर ओढायचा. टाकीतल्या विषारी वायूला कुणाची दयामाया नसते, दुसराही तिथेच आडवा होतो.

एकदा उन्मेष नावाचा कामगार असाच आत कोसळला. त्याचा सख्खा भाऊ आत धावला, तर मोहित्यांनी त्याची कॉलर धरून त्याला मागे फेकलं आणि दोर ओढला. उन्मेष वाचला, आज करजणला मजेत दुकान चालवतोय. भावाने मात्र कॉलनीभर सांगितलं, "माझा भाऊ मरत होता आणि मोहिते नुसता उभा राहिला." आता काय बोलायचं अशा माणसापुढे? मोहिते दुसऱ्या दिवशी पुन्हा दोर धरून उभे राहिले. पण ते वाक्य त्यांच्या काळजात रुतलं ते रुतलंच.

निवृत्तीनंतर बडोद्यातल्या घडियाळी पोळ नावाच्या गल्लीतल्या घरात भिंतींकडे बघत बसायची पाळी आली. बायको आधीच गेलेली. शेवटी भाची मनाली त्यांना फतेगंजच्या एका कॅफेत ओढून घेऊन गेली. तिने एक काल्पनिक जग रचलं होतं, मेघवन नावाचं, आणि ती दर रविवारी सकाळी तिथे त्याचा खेळ मांडायची. ती प्रसंग सांगणार, बाकीचे आपापलं पात्र घेऊन वाट काढणार, अडलं की फासा टाकणार. तिचा मित्र कुशल तलवारबाज झाला, मैत्रीण शर्वरी तिरंदाज. "मामा, तुम्ही कोण?" मनालीने विचारलं. मामा म्हणाले, "दोरवाला." पोरं हसून हसून लोळायची बाकी होती. पण दोन वर्षांत त्यांनी एक रविवार चुकवला नाही. आठवडाभर ते त्या सकाळचीच वाट बघायचे.

त्या दिवशी मनालीने नकाशा पसरला आणि शेवटच्या काळ्या रेघेवर बोट ठेवलं. "निजदरी. अकरा टोळ्या गेल्या, एकही परतली नाही. पार झालात तर पुढचं जग उघडेल आणि दरीला नवं नाव तुम्ही द्यायचं. सगळे मेलात तर खेळ कायमचा संपला."

मामांनी नकाशा जवळ ओढला. सांगायची लाज वाटत होती, पण खेळ गेला तर त्यांचे रविवारही जाणार होते.

मनाली सांगू लागली, "दरीत आवाज नाही. पक्षीसुद्धा वळसा घालून जातात. तळाशी पिवळी फुलं, गोडसर वास, आणि अकरा टोळ्यांचे सांगाडे, एकमेकांचे हात धरलेले."

"शाप आहे," कुशल म्हणाला.

"राक्षसीण असणार," शर्वरी म्हणाली.

मामांनी चहाचा कप खाली ठेवला. "कसली राक्षसीण? पहिला पडला, त्याला उचलायला दुसरा गेला, त्याला उचलायला तिसरा. हवा वाईट आहे तिथली."

त्यांनी आपला डाव सांगितला. काठावर तीन बांबूंचं तिकाटणं उभं करायचं, त्याला कप्पी, कप्पीत दोर, आणि दोर कमरेला बांधल्याशिवाय कुणी खाली उतरायचं नाही. "मामा फर्निचर करायला बसले," कुशल कुजबुजला. मामांनी ऐकून न ऐकल्यासारखं केलं.

"आता कंदील सोडू," शर्वरी म्हणाली.

"वेडी आहेस का? वायू पेटला तर सगळेच जाऊ. काजवे पकड."

मलमलच्या फडक्यात बांधलेले काजवे खाली सोडले. वर लुकलुकले. मधेही लुकलुकले. तळाची तपासणी तेवढी राहिली होती, पण कुशलला कुठला धीर! "चालो ने मामा, खेळच तर आहे," म्हणत त्याने दोर कमरेला बांधला आणि आपली सोंगटी सरळ तळाशी नेली.

मनालीने फासा टाकायला लावला. तीनच आला, कमी पडला. "कुशल फुलांत कोसळला."

शर्वरी ताडकन उठली. "मी आणते त्याला."

मामांनी तिच्या सोंगटीवर पंजा ठेवला. "कुणी जायचं नाही."

"आणि तुम्ही काय, नुसते उभे राहणार?"

तेच वाक्य. मामांचे कान तापले. क्षणभर वाटलं, सोडावा हात, जाऊ दे तिला, पुन्हा ते ऐकून घ्यायला नको. पण पंजा हलला नाही. "हो," ते म्हणाले, "उभाच राहणार. आणि तू माझ्याबरोबर दोर ओढणार."

मनालीने फासा बाजूला सारला. मग म्हणाली, "कप्पी आहे, ओढणारे दोघं आहेत. फासा नको. कुशल वर आला. श्वास चालू आहे."

कुशलने केवढा मोठा सुस्कारा सोडला!

मग काजवे तळापर्यंत सोडले. तिथे ते विझले, वर ओढताच पुन्हा उजळले. म्हणजे वाईट हवा तळाला साचलेली. वाट कड्याच्या मध्यावरूनच, तळ टाळून काढायची होती. काजवे पुढे धरून, लांब दोराने एकमेकांना बांधून ते निघाले. एक जण पुढे, एक मधे, आणि दोरवाला शेवटी, दोघं पलीकडे पोहोचेपर्यंत जागचा न हललेला. मनालीने वही उघडून मोठ्याने वाचलं, "बारावी टोळी. तिघंही पार."

पोरांनी असा गलका केला की कॅफेतल्या शेजारच्या टेबलानेही कारण न विचारता टाळ्या पिटल्या. मामांनी हसत हसत चष्मा पुसला, दोनदा.

"दरीचं नाव काय लिहू, मामा?" मनालीने पेन त्यांच्यापुढे केलं.

मामा काही बोलायच्या आत शर्वरीने पेन उचललं. काळ्या रेघेजवळ, अगदी दरीच्या तोंडाशी, तिने ठसठशीत अक्षरांत लिहिलं, 'मोहिते उभे होते ती जागा'.