माझ्या बैलांची वहिवाट

वाटेच्या भांडणात जागेची पाहणी करायला मामलेदारसाहेबांना मी माझ्याच बैलगाडीतून आणलं. चूक झाली. साहेब माझ्या गाडीत बसले की निकालही माझ्याच बाजूला बसेल, असं मला वाटलं होतं.

वाट माझ्या रानातून जायची आणि तिच्या टोकाला माझ्या धाकट्या चुलतभावाचं रान. आज्याच्या काळापासून दोन्ही घरांच्या गाड्या तिथूनच जायच्या. त्याला दुसरी वाट नव्हती, आणि खरं सांगायचं तर त्या वाटेनं माझंही काही बिघडत नव्हतं. मला सलत होता तो त्याचा ऊस.

लढाई संपल्यावर तो पलटणीतून परत आला, विहीर पाडली, तिच्यावर तेलाचं इंजिन बसवलं. दिवसभर ते पुकपुक करायचं आणि प्रत्येक ठोका माझ्या छातीत बसायचा. माझी विहीर माघातच तळाला जायची. मग माझे बैल रोज दुपारी पाण्याला त्याच्या हौदावर. तो स्वतः त्यांच्या पाठीवर थाप मारायचा. माझे बैल, आणि त्याला बघून शेपट्या हलवायचे! त्यात बायको बांधावर उभी राहून म्हणाली, "भावजींचा ऊस बघा की, हत्ती आत शिरला तरी दिसायचा न्हाई."

त्याच आठवड्यात मी वाटेवर बाभळीच्या फांद्या आडव्या टाकल्या आणि बैलांना लांब ओढ्यावर न्यायला लागलो.

तो आला. डोक्यावर अजून पलटणीतली टोपी. "दादा, ऊस तोडायला आलाय. गुऱ्हाळ माझ्यासाठी थांबायचं न्हाई. वाट सोड."

"कसली वाट? हितं वाट नव्हतीच कवा."

तो सरळ गेला आणि इस्लामपूरच्या कचेरीत अर्ज देऊन आला.

पाहणीच्या दिवशी पहाटे मला एकदम अक्कल सुचली. जिथं वाटच नाही तिथं काटे कोण टाकतो? साहेब पहिल्यांदा हेच विचारणार. मी सगळ्या फांद्या ओढून काढल्या आणि चाकोऱ्या बुजवायला अख्खी वाट नांगरून काढली. ढेकळं अशी निघाली की मलाच कौतुक वाटलं. ऊन चढलं. मोटारीची वेळ झाली, म्हणून बैलांना ओढ्यावर न नेता तसेच गाडीला जुंपले आणि फाट्यावर साहेबांना घ्यायला गेलो.

येताना मी कासरा सैल सोडून, मागं वळून साहेबांना सांगत होतो, "चुलतभाऊ मिलिटरीतला हाय, साहेब. त्याला सगळीकडं रस्तेच दिसत्यात."

तेवढ्यात गाडी वळली.

बैलांना ना नांगरट अडवू शकली, ना मी. दोघं सरळ ढेकळांत घुसले. मी कासरा ओढतोय, ओरडतोय. साहेब एका हातानं गाडीचा साटा आणि दुसऱ्या हातानं टोपी धरून बसलेले. गाडी उजवीकडं आपटत, डावीकडं आपटत, जुन्या चाकोरीवरून तसूभरही न ढळता चुलतभावाच्या हौदापाशी जाऊन थांबली. बैलांनी पाण्यात तोंडं घातली.

चुलतभाऊ इंजिनापाशीच उभा होता. त्यानं साहेबांना रामराम केला आणि नेहमीसारखी माझ्या बैलांच्या पाठीवर थाप मारली. शेपट्या हलल्या.

साहेबांनी टोपीवरची माती झटकली. "हे बैल इथं कधीपासून येतात?"

"न्हाई साहेब, उधळल्यात ती," मी म्हणालो.

चुलतभाऊ म्हणाला, "दादा, उधळलेली बैलं हौदापाशी थांबत न्हाईत."

साहेब खाली उतरून नांगरलेल्या पट्ट्यातून चालत गेले, वाकून एक ढेकूळ उचललं. ते अजून ओलसर होतं. तिथंच बसून त्यांनी वाट मोकळी करायचा हुकूम लिहिला, आणि परत जाताना चुलतभावाच्या गाडीत बसले.

दुसऱ्या दिवशी उसाची पहिली गाडी माझ्या रानातून गुऱ्हाळाला गेली. गाडीवानाला गाडी नीट हाकता येईना, कारण वाट मीच उकरून ठेवली होती. हुकुमाप्रमाणे ती मलाच सारखी करून द्यायची होती. मी कुदळीनं ढेकळं फोडत होतो. बायको भाकरी घेऊन आली, कमरेवर हात ठेवून ती नांगरट या टोकापासून त्या टोकापर्यंत बघितली आणि म्हणाली,

"एवढी खोल नांगरट आपल्या रानात कवा केली हुतीसा का?"