काशीचा कोरा हात

म्हाळूतात्या गेल्याचं मला आमच्या भागातल्या ईट गावच्या गाडीच्या कंडक्टरनं सांगितलं. तुळजापूरच्या स्टँडवर त्यानं मला लांबूनच ओळखलं, तिकिटांची पेटी बगलेत धरून जवळ आला आणि म्हणाला, "गुरुजी, तुमचे चुलते पहाटं गेले. थांबू नगा, हीच गाडी परत चाललीया." मी शाळेत चिठ्ठी पाठवली आणि आहे तसा गाडीत बसलो. दम्यानं त्यांना दोन वर्षं पोखरलं होतं, त्यामुळं बातमी अनपेक्षित नव्हती. तरी वाटभर मला सारखं वाटत होतं की आपण उशीर केला... कशाला उशीर, ते मात्र सांगता येत नव्हतं. आज या गोष्टीला सात आठवडे झाले. आता थोडं लिहिता येईल असं वाटतं.

आमचं घर मेंढरांचं. भावकीत शाळेच्या पुढं कोणी गेलं नव्हतं, मी औरंगाबादेला जाऊन बी. ए. झालो. हे मी अभिमानानं सांगतो, त्यात लाजण्यासारखं काही नाही. माझ्या फीसाठी तात्यांनी दोनदा मेंढ्या विकल्या, हेही तितक्याच अभिमानानं सांगतो. तात्या माझ्या वडिलांचे धाकटे भाऊ. आमचा मुलूख निजामाच्या राज्यात असताना ते एकदा लोकर घेऊन बार्शीच्या बाजाराला गेले आणि परत आलेच नाहीत. बार्शी इंग्रजांच्या मुलखात, तिथं महायुद्धासाठी फौजेची भरती चालू होती. जाण्याआधी आजीनं त्यांच्या उजव्या हातावर त्यांचं नाव आणि बिरोबाचा त्रिशूळ गोंदून घेतला होता. पोरगा मेंढरांमागं रानोमाळ हिंडतो, कुठं पडला-झडला तर लोकांनी नाव वाचून घरी आणून सोडावं, एवढाच तिचा हेतू. पोरगा थेट आफ्रिकेच्या वाळवंटात जर्मनांच्या हाती सापडेल, तिथून इटलीत, मग जर्मनीत कैदेत पडेल, हे त्या माउलीला कुठून ठाऊक असणार?

लढाई संपल्यावर वर्षभरानं ते परत आले. गावाला लढाईच्या गोष्टी हव्या होत्या. तात्या सांगत, पण मेंढरांच्या. "इटलीतली मेंढरं लई गुबगुबीत. पर त्यांच्या लोकरीचं घोंगडं आपल्याकडच्या पावसात टिकायचं न्हाय." कोणी विचारलं, "तात्या, जर्मन माणूस कसा असतो?" तर म्हणत, "माणसासारखाच असतो. त्येच तर वंगाळ." एवढं बोलून उठून जात. पुढं रझाकारांचा काळ आला, पोलीस ॲक्शन झाली, आमचा मुलूख हिंदुस्थानात आला, आणि तात्यांची लढाई लोक विसरून गेले.

विसरले नव्हते ते तात्या. पण हे आम्हांला कळलं ते काशीच्या लग्नात.

काशी त्यांची एकुलती एक मुलगी. आमच्याकडं पोर आठ-नऊ वर्षांची झाली की तिला गोंदतात. उन्हाळ्यात गोंदणारीण यायची, अंगणात गोणपाटाची फारी टाकून बसायची. काजळी आणि पाल्याचा रस एकत्र करायची, सुयांची जुडी त्यात बुडवायची. दोघीतिघी बायका पोरीचे हातपाय धरायच्या आणि गोंदणारीण गाणं म्हणत टोचायची, पोरीचं रडणं गाण्यात बुडावं म्हणून. मनगटावर तुळस, दंडावर पाळणा, कपाळावर ठिपका. सोनंनाणं इथंच राहतं, गोंदण तेवढं माणसाबरोबर देवाच्या दारी जातं, अशी आमच्या बायकांची श्रद्धा. काशी नऊ वर्षांची झाली तेव्हा गोंदणारीण आली. पोरीनं पहिली किंकाळी फोडायच्या आत तात्या काठी घेऊन धावत आले. आमच्या तात्यांनी बाईमाणसावर काठी उगारलेली गावानं तेव्हाच पाहिली, पुन्हा कधी नाही. गोंदणारीण सुया तिथंच टाकून पळाली. काकूनं पुष्कळ विचारलं, "का वो? काय झालं?" तात्या एवढंच म्हणाले, "ह्या घरात कुणाच्या हातावर कायबी टोचायचं न्हाय." त्यानंतर पाच वर्षं काशीचा हात कोराच राहिला.

मग जवळच्या वाशी गावचं स्थळ आलं. घर चांगलं, विहीर पाण्याची, मुलगा सातवी पास. सुपारी फुटली. पण मुलाच्या आईनं, जनाबाईनं, अट घातली की लग्नाआधी पोरीला गोंदून घ्या. तात्या नाही म्हणाले. जनाबाईचा निरोप आला, "कोऱ्या हाताच्या पोरीच्या हातचं पाणी आमचे देव घेत न्हाईत." तात्या पुन्हा नाही म्हणाले. कारण विचारलं तर गप्प. काकू रडून रडून अर्धी झाली. पोरीचं ठरलेलं लग्न मोडलं तर तिला पुन्हा कोण करणार, हा घोर सगळ्या घराला लागला.

मी सुट्टीला घरी होतो. मला वाटलं, तात्या सुधारले. मी त्यांच्याजवळ जाऊन म्हणालो, "तात्या, तुमचं बरोबर आहे. गोंदण म्हणजे अडाणीपणा. शिकलेल्या जगात हे असलं कोणी करत नाही." तात्यांनी माझ्याकडं पाहिलं. म्हणाले, "शिकलेल्या जगात करत न्हाईत व्हय? बरं." त्या 'बरं'मध्ये काय होतं ते मला तेव्हा कळलं नाही. मी बी. ए. होतो ना!

पेपर ईटला एक दिवस शिळा यायचा. तो आणून पारावर वाचून दाखवायचं काम माझं. त्या वर्षी परदेशात एका मोठ्या जर्मन गुन्हेगारावर खटला चालू होता. छळछावण्यांत ज्यू लोकांना कसं कोंडलं, कसं मारलं, दोस्तांच्या फौजा पोचल्या तेव्हा तिथं काय दिसलं, हे साक्षीदार सांगत होते आणि पेपरात रोज येत होतं. मी शब्दांची फोड करून समजावत होतो. "एका छावणीत कैद्यांच्या हातावर नंबर गोंदत," असं मी वाचलं. पारावर कोणीतरी म्हणालं, "मेंढरांच्या कानाला खूण करत्यात, तसं." तेवढ्यात मागून तात्यांचा आवाज आला. "मेंढराला खूण करत्यात ती हरवू नये म्हणून." आणि ते घराकडं निघून गेले.

दुसऱ्या दिवशी जनाबाई स्वतःच वाशीहून आली, काय तो सोक्षमोक्ष करायला. मोठी ठसकेबाज बाई. ओसरीवर बसून पाणीसुद्धा न घेता म्हणाली, "इव्हाई, पोरीचा हात कोरा ठिवून त्यावर काय कागद लिवणार हाय काय तुमी?" आत काकूचा हुंदका ऐकू आला. दाराआड काशी उभी होती. तात्यांनी घोंगडं नीट केलं, खाली बसले आणि पंधरा-सोळा वर्षांत जे बोलले नव्हते ते बोलायला लागले.

शेवटच्या उन्हाळ्यात त्यांच्या कैदेवरचे पहारेकरी एका सकाळी पळून गेले आणि दुपारी दोस्तांचे रणगाडे आले. जवळच दोन-तीन कोसांवर दुसरी एक छावणी होती. तिथली माणसं उचलायला फौजेच्या डॉक्टर साहेबांना हात हवे होते. तात्या गेले. "विहीणबाई, म्या दुष्काळात मेंढरं मरताना बघितली हाईत. पर तसलं... न्हाय." मेलेले आणि जिते एकाच फळीवर पडलेले, कोण कुठला ते डोळ्यांकडं पाहिल्याशिवाय कळत नव्हतं. तात्या एकेकाला उचलून पाण्यापाशी नेत होते. "आज जन्मलेलं कोकरू उचलावं, एवढंच वजन. बाप्या माणसाचं." त्यातला एक त्यांनी पाण्यापाशी बसवला, त्याची बाही वर सारली आणि हात धुवायला लागले. हातावर निळे आकडे. धुतले तरी जाईनात.

"मला... मला आनंद झाला बघा. म्हणलं, हितंबी गोंदत्यात की! ह्याच्या आईनं गोंदलं आसंल. म्या माझी बाही वर क्येली, माझं नाव दाखवलं. हसलो. त्याच्या हाताशेजारी माझा हात धरला, दोघं एकाच गावचे आसल्यावानी. त्यो माझ्या हाताकडं लई येळ बघत ऱ्हायला. मग त्यानं आपली बाही खाली वढली."

रात्री तात्यांबरोबर कैदेत असलेल्या एका पंजाबी हवालदारानं, ज्याला जर्मनचे चार शब्द येत होते, ते आकडे आधीच्या छावणीत कोणी आणि कसे टोचले ते त्यांना सांगितलं. उजाडताच तात्या धावत गेले, हात जोडायला. त्या माणसाची खाट रिकामी होती.

"मी हसलो व्हतो, विहीणबाई. त्याला वाटलं आसंल, ह्योबी टोचणाऱ्यांतलाच. आता काशीला धरून टोचताना तिचा आवाज म्या कसा ऐकू? तुमी लग्न मोडा. माझा विलाज न्हाय."

जनाबाई आपल्या मनगटाकडं पाहत होती, त्यावर पाच-सहा तुळशी होत्या. मग म्हणाली, "मला गोंदलं तवा चौघींनी धरलं व्हतं. आत्या छातीवर बसली व्हती. म्या 'आये' म्हणून वराडले तर आयनंच त्वांड दाबलं." पुढं म्हणाली, "ते कुणी इचारलंच न्हाय कधी." आणि मग एकदम उठून, नेहमीच्या ठसक्यात, "चला, पाणी द्या आता. पोरगी हाय तशी द्या. देवाचं मी बघून घेते."

काशीचं लग्न त्याच महिन्यात झालं. सासरी बायका तिला 'कोरी' म्हणत, अजूनही म्हणतात. जनाबाई तोंड सोडायची त्यांच्यावर.

मला मात्र राहवेना. मी शिकलेला, मला कागदावर नोंद हवी. तात्यांना तो नंबर पाठ असणार, याची मला खात्री होती. फौजेत आकडे वाचायला शिकले होते आणि अशी गोष्ट ते विसरणारे नव्हते. मी म्हणालो, "तात्या, नंबर सांगा. मी परदेशात पत्र लिहितो. नाव कळेल, घर कळेल." ते म्हणाले, "लिव. पर मला न इचारता." मी म्हणालो, "नंबराशिवाय कसं लिहू?" पुढं दरवर्षी मी विचारत राहिलो. शेवटच्या भेटीत, दिवाळीच्या सुट्टीत, दम लागत होता तरी त्यांनीच विषय काढला. "तू मला सारखं इचारतोस. आरं, त्याचं नाव त्यांनी घेतलं आन आकडा दिला. आता मीबी त्याला आकड्यानंच हाक मारू? मला त्याचं त्वांड ठावं हाय. लई झालं." मग हसून म्हणाले, "माझ्यावर लिवशील तवा लिव की, एक माणूस व्हता. तेवढं खरं हाय." मी त्यांच्याशी वाद घातला. नाव शोधायचं तर नंबर लागतोच, हे मला आजही पटतं. पण तो नंबर त्यांच्याबरोबर गेला, आणि त्या माणसाच्या माणसांपर्यंत पोचायची एक वाट माझ्यापुरती बंद झाली, हेही खरं आहे. बसमध्ये मला जो उशीर वाटत होता तो बहुधा हाच.

तेराव्याला घर भरलं होतं. पुरुष बाहेर, बायका आत. जनाबाई आता वाकली आहे, पण आली होती. काशीची मुलगी पाच वर्षांची. पंगतीत पानं किती मांडली ते लिहायला मी आणलेली जांभळी कॉपिंग पेन्सिल तिच्या हाती लागली. थुंकी लावून लावून तिनं आपल्या डाव्या हातावर मनगटापासून कोपरापर्यंत काहीतरी काढलं आणि नाचत बायकांत जाऊन हात वर केला. काशी लगबगीनं उठली. तिनं पोरीला जवळ ओढलं, पदर ओला केला आणि पुसायला लागली. पोरगी हात सोडवत ओरडली, "पुसू नगं! म्या काढलंय!"

काशीचा हात तिथंच थांबला. तिनं जनाबाईकडं पाहिलं, मग काकूकडं.

काकू पाट सरकवत जवळ आली. तिनं नातीचा हात उजेडाकडं धरला. वेडीवाकडी मेंढी होती, पाच पायांची.

"ऱ्हाऊ दे गं," काकू म्हणाली. "तिचं तिनं काढलंय."