खालचीवाडी, मुसफ्फा

वाडी सोडली त्या सकाळी वडिलांनी मला ग्रामदैवत रवळनाथासमोर उभं करून गाऱ्हाणं घातलं. लेकरू परमुलखात चाललंय, त्याला सांभाळ, म्हणाले. जमलेले सगळे "व्हय म्हाराजा" म्हणाले. नारळ फुटल्यावर त्यांनी मला बाजूला घेतलं. "एकटो मोठो होव नको. वाडीतली पोरां वर वढ." मग एसटी आली आणि मी चढलो.

त्यांचं ऐकलं मी. अबुधाबीजवळच्या मुसफ्फातल्या फॅब्रिकेशन वर्कशॉपमध्ये हेल्परचा सुपरवायझर झालो आणि एकेक करून वाडीतली आठ-नऊ पोरं आणली. पहिला चुलतभाऊ मंगेश. तो स्कॅफोल्डिंगवर लागला. ड्युटी, बस, बंकावरची झोप, फोन, यापलीकडे कामगारांच्या कॅम्पात काही नव्हतं. एका शुक्रवारी, सुट्टीच्या दिवशी, मंगेश कुठल्याशा प्रदर्शनातून फेकून दिलेला गालिचा घेऊन आला. कॅम्पामागच्या वाळूवर तो अंथरला, चुन्याने रेघा मारल्या, म्हणाला, "यल्ला दादानू, खेळूया."

असा आमचा कबड्डी संघ सुरू झाला. छातीवर नाव छापलं: 'खालचीवाडी, मुसफ्फा'. तुम्हा वाडीकरांपैकी जे इथे होते त्यांना सांगायला नको, आम्ही फार हरायचो. पंजाबी पोरं आम्हाला उचलून रेषेबाहेर ठेवायची. पण मॅचआधी मंगेश गालिच्याच्या कडेला उभा राहून गाऱ्हाणं घालायचा, आम्ही "व्हय म्हाराजा" ओरडायचो, हरायचो, आणि कॅम्पात येऊन बांगड्याची आमटी करायचो. डाव्या कोपऱ्यात मंगेश असला की निदान एकदोन घोटे तरी धरले जायचे.

दुसऱ्या हंगामात अबुधाबीतली एका दिवसाची कपची स्पर्धा लाइव्ह दाखवायचं ठरलं. वाडीतून फोन आला, देवळापुढच्या मांडावर पडदा लावतोय, सगळी वाडी बघणार. पोरं खूश. मला मात्र ते नको होतं. वाडीच्या देखत हरायचं? लोक काय म्हणतील, सुपरवायझर झाला आणि संघ असला? शेजारच्या वर्कशॉपात हरयाणाची चार पोरं होती, गावाकडे मॅटवर खेळलेली. मी त्यांना बोलावलं. आपल्यातल्या चौघांच्या अंगातल्या जर्स्या उतरवून त्यांना दिल्या. त्यात मंगेशची होती. त्याला म्हटलं, "आजच्या दिवस." त्या संध्याकाळी त्याने पाण्याच्या बाटल्या दिल्या. गाऱ्हाणं कोणी घातलं नाही. मलाही आठवलं नाही.

आम्ही जिंकलो. "भाईसाब, ट्रॉफी तो उठा लो!" असं त्या पोरांनी म्हटल्यावर मी कप उचलला. बसमध्ये नाचले ते चौघेच. त्यांचा कॅम्प आला, ते उतरले, आणि नंतर इंजिनाचा आवाज तेवढा राहिला.

वडिलांचा फोन आला. "कप बघलंय. पण मंगेश खंय दिसाक नाय? आजारी हा?"

मी म्हटलं, "व्हय. ताप हा."

दुसऱ्या दिवशी त्यांनी मंगेशच्या तापासाठी देवाला नारळ ठेवला. काकीने, त्याच्या आईने, घाबरून त्याला फोन केला, तेव्हा मी खोलीत होतो. त्याने माझ्याकडे पाहिलं. आता सगळं बाहेर येणार, असं वाटलं. तो म्हणाला, "उतारलो गे आये. आता बरो आसंय."

पुढच्या शुक्रवारी, त्या चौघांनी परत केलेल्या धरून, सगळ्या पोरांच्या जर्स्या माझ्या दारात होत्या, धुतलेल्या, घडी घातलेल्या. "त्या हरयाणाच्या पोरांका परत लागतली," एवढंच मंगेश म्हणाला. संध्याकाळी मी गालिचा अंथरला. कोणी आलं नाही. मीच तो गुंडाळला. संघ तिथे संपला.

ड्युट्या बदलल्या म्हणून संघ मोडला, असं मी तुम्हा सर्वांना इतकी वर्षं सांगत आलो. वडिलांनाही तेच सांगितलं. ते गेले तेव्हाही त्यांना तेच माहीत होतं. मग मी नोकरी बदलली, बायको-मुलीला आणलं, दुसऱ्या शहरात, अल नहदाला फ्लॅट घेतला. मुसफ्फा लांब पडतं, असंही सांगत आलो. कप टीव्हीशेजारी होता. मध्यंतरी लेकीने कपाबद्दल विचारलं म्हणून पहिल्यांदा सगळं खरं सांगितलं. ती म्हणाली, "बट बाबा, यू वन, राइट?"

त्या रविवारी कपाटात पडून असलेली जर्स्यांची पिशवी गाडीत टाकली आणि मुसफ्फाला गेलो. वाळूच्या जागेवर आता कोणाचं तरी गोडाऊन आहे. मंगेश अजून त्याच कॅम्पात आहे, कानशिलं पिकलीत. दारात मला बघून त्याने हात पुसले. मग म्हणाला, "काय दादानू, ताप उतारलो मां?"

खोलीतली वाडीची नवी पोरं आमच्याकडे बघत राहिली. त्यांना काय कळणार? मी त्यांच्यासमोरच सांगितलं, ताप कोणालाच नव्हता, मला भीती होती. मंगेश ऐकत होता की नाही कोण जाणे, तो बांगडे साफ करायला बसला होता. "बसा," म्हणाला, "जेवन जावा."

गावाला मी दर वर्षी जातो, देवळात उभा राहतो, अल नहदाच्या घराची किल्ली खिशात असते. पण जेवायला बसताना मी कोण आहे ते समोरच्याला पूर्ण माहीत आहे, आणि तरी ताटात वाढलं जातंय, असं कुठेच होत नव्हतं. त्या संध्याकाळी बंकाच्या कडेवर, मांडीवर ताट घेऊन, झालं. पिशवी तिथेच ठेवून आलो. मंगेशने आपली जर्सी काढून पाहिली. म्हणाला, आता पोटावर बसायची नाही.